मागचं शटर

४ मार्च

फ्यूज,

‘प्रिय’ मुद्दाम गाळलं आहे. ते वाचलंस की तुला वाटेल ताई नरमली, आणि ताई अजिबात नरमलेली नाही. कामासाठी लिहिते आहे. काम एका सहीचं आहे. सोबतच्या फॉर्मवर खाली सही कर, पत्ता घातलेलं दुसरं पाकीट जोडलं आहे त्यात घाल, पोस्टात टाक आणि मग पुन्हा खुशाल परदेशात तोंड फुगवून बस.

आपल्या बाजारावर टीव्हीसाठी फिल्म होते आहे. सहा वर्षांपूर्वी दोन माणसं बंदुका घेऊन बाजारात शिरली, त्या दिवसावर. बाबा गेले, त्या दिवसावर. फिल्म करणाऱ्या बाई पहिल्यांदा दुकानात आल्या तेव्हा मला वाटलं गिऱ्हाईक आहे. मी त्यांना वाचायचे दिवे दाखवायला लागले. एकेक लावून, मान वळवून, उजेड पुस्तकावर कसा पडतो ते समजावून. त्या बिचाऱ्या मध्ये मध्ये काहीतरी सांगू बघत होत्या, पण मी गिऱ्हाइकाला बोलू देते का कधी? शेवटी दिवा विकत घेतल्यावर त्यांनी सांगितलं की त्या दिव्यासाठी आल्याच नव्हत्या. तो दिवा आता त्यांच्या एडिटिंगच्या खोलीत आहे आणि तिथे छान दिसतो.

त्यांची फिल्म वेगळी आहे. टाय लावून बसलेला कोणी जाणकार नाही, मागून घोगऱ्या आवाजात कोणी काही सांगत नाही. त्या दिवशी बाजारात जी साधी माणसं होती, त्यांनी आपापल्या फोनवर, छोट्या कॅमेऱ्यावर जे टिपलं तेवढंच. एकजण बायको टोप्या घालून बघत होती तिला टिपत होता. एक शाळकरी मुलगी काचेच्या छताखालची कबुतरं टिपत होती. मी आपल्या नव्या टेबल लॅम्पची जाहिरात टिपत होते. पुढे जे झालं ते त्यांच्या फोनांत आपसूक आलं. माझ्या फोनात मुद्दाम आलं.

हो, मुद्दाम. हॉस्पिटलच्या जिन्यात तू सगळ्यांसमोर ओरडलास, “बाबा मरत होते आणि तू शूटिंग करत होतीस!” तेव्हा मी उत्तर दिलं नाही, कारण आई शेजारी उभी होती. आता देते. हो, करत होते. वीज गेली, धूर यायला लागला, तेव्हा बाबांनी बॅटरीवरचे सगळे दिवे पटापट लावले आणि पुढच्या दारात उभे राहून पळणाऱ्या माणसांना आत ओढायला सुरुवात केली. माझ्या डाव्या हातात दिवा होता, माणसांना पायाखालचं दिसावं म्हणून खाली धरलेला. उजव्या हातात फोन होता. तो मी बंद केला नाही, कारण माझा बाप काय करतो आहे ते मला दिसत होतं, आणि मला वाटलं, हे जगाने बघायला हवं. आजही तसंच वाटतं. फिल्मच्या बाई म्हणाल्या, इतका स्थिर हात पगारी कॅमेरामनचाही नसतो. मी म्हटलं, झुंबरं टांगत मोठी झालेय मी.

तेव्हा माफी मागणार नाही. सही पाठव. चॅनेलचा नियम असा आहे की एखाद्याचे शेवटचे क्षण दाखवायचे तर जवळच्या सगळ्यांची परवानगी हवी. आईने सही केली आहे. चष्म्याशिवाय केली, त्यामुळे ती साक्षीदाराच्या चौकटीत गेली आणि फॉर्म पुन्हा आणावा लागला. मीही केली आहे. राहिलास तू.

ताई

ता.क. आई बरी आहे. तू विचारणार नाहीस, म्हणून सांगितलं.


२९ मार्च

फ्यूज,

फॉर्म परत मिळाला. इतका कोरा, की त्यावरची घडीसुद्धा माझीच होती. दोन ओळी लिहिल्या असत्यास तर बोटं झिजली असती का? नाव शोभतं बाबा तुला. बाबांनी उगाच नव्हतं ठेवलं. जरा दाब वाढला की उडालाच, आणि मग घरभर अंधार.

असो. तुला कशावर सही करायची आहे हे कळलेलं नाही असं धरून चालते आणि सगळं सांगते.

एडिटिंगच्या खोलीत मी आता रोज दुपारी जाते. तेवढा वेळ दुकान आई बघते, म्हणजे आलेल्या गिऱ्हाइकाला “उद्या या” म्हणून सांगते. खोली आपल्या माळ्यापेक्षा लहान आहे. खिडकीला काळा कागद, भिंतीला फोमचे तुकडे, दोन पडदे, आणि त्यांच्यासमोर एक काटकुळा माणूस कानांवर हेडफोन लावून बसलेला. मी त्याला कानवाला म्हणते. त्याला ते आवडतं, असं मी ठरवलं आहे.

कानवाल्याची पंचाईत अशी की लोकांनी दिलेले शंभर तुकडे, आणि प्रत्येक फोनाचं घड्याळ आपल्या मर्जीचं. कोणाचं पुढे, कोणाचं मागे, एकाचं तर भलत्याच वर्षात. मग कुठला तुकडा कुठल्या आधी, हे ठरवायचं कसं? आवाजावरून. त्या दिवशी बाजाराच्या भोंग्यावर बाई सांगत होती, आठवतं? तुला कसं आठवेल, तू कारखान्यात होतास. ती सांगत होती की एक निळी छत्री सापडली आहे, ज्यांची असेल त्यांनी ऑफिसातून घेऊन जावी. तेच ती घोळवून घोळवून सांगत होती. ती छत्री किती फोनांत ऐकू येते! टोपीवाल्याच्या दुकानात ऐकू येते, कबुतरांच्या मागे येते, माझ्या लॅम्पच्या जाहिरातीतही येते. कानवाल्याने त्या छत्रीला धरून सगळे तुकडे एका रांगेत लावले. मग काच फुटल्याचा आवाज, मग कोणाची तरी किंकाळी, असं एकेका आवाजाला धरून तो पुढे सरकतो. माझ्यासारखी बाई तासन्‌तास गप्प बसून बघत राहते, यावरून काय ते समज.

आणि मग बाबा येतात.

मोठ्या पडद्यावर बाबा कसे दिसतात म्हणून सांगू! डाव्या भिंतीवरचे बॅटरीचे दिवे लागलेले, धुरात ते पिवळे गोळे झालेले, आणि मध्ये आपला बाप, बाह्या दुमडलेला. एक हात शटरच्या कडेला, दुसऱ्याने माणसांना आत घेतोय. बाहेर गोळ्या चालू आहेत आणि हा माणूस सांगतोय, “आत चला, आत चला. ढकलू नका. मागून बाहेर पडा. खाली बघा हो, पायात वायर आहे.” पायात वायर आहे! जग बुडत असतं तरी यांनी वायर सांगितली असती. खोलीत कानवाला हसला, मी हसले आणि मग आम्ही दोघांनी नाकं पुसली.

त्या तुकड्यात मागून शटरवर धडाधड ठोकल्याचा आवाज येत राहतो. आपलं ते मागचं शटर, जे डाव्या बाजूला खाली अडकतं, त्या कोपऱ्यावर गुडघ्याने ठोका देऊन त्याच क्षणी वर ओढलं तरच उघडतं. जगात ते तिघांनाच जमायचं. तू किती वर्षं सांगत होतास की बदलू या, आणि बाबांचं उत्तर ठरलेलं, “शटर उत्तम आहे, तुला गुडघा आहे ना?” त्यावरून तुमचं जे वाजलं, तू दुकान सोडून कारखान्यात गेलास, आणि तुम्ही दोघं बोलेनासे झालात. त्या दिवशी मागची माणसं त्या शटरवर डोकं आपटत होती. मला मागे जाता येत नव्हतं, कारण मधे माणसांची भिंत होती. बाबांना पुढचं दार सोडता येत नव्हतं. पण शेवटी ते उघडलं. ठोकून ठोकून कोणीतरी उघडलं असणार. बाजारात सगळे म्हणतात की बाबांनी आधी मागचं उघडलं आणि मग पुढे येऊन उभे राहिले. मी त्यांना दुरुस्त करत नाही. त्याने बाबा आणखी मोठे वाटतात, त्यांनाही आणि मलाही.

एक गोष्ट मात्र कळत नाही. शेवटी शेवटी बाबा मान वळवून मागे दुकानात बघतात. आणि हसतात. मग बाहेर पाऊल टाकून पुढचं शटर खाली ओढतात. कानवाला म्हणतो, उजेडाचा खेळ असेल, धुरात चेहरा नीट कुठे दिसतो. मी म्हणते, माझ्या बापाचं हसू मला कळतं. तुकडा तिथेच संपतो. शटर खाली येतं आणि पडदा काळा होतो. बाहेरचा आवाज आम्ही ठेवलेला नाही, तो मी ठेवू दिला नाही.

नवा फॉर्म घातला आहे. या वेळी पेन्सिलीने फुलीही मारली आहे, सही कुठे करायची तिथे.

ताई


११ एप्रिल

फ्यूज,

तुझ्या दोन ओळी पोचल्या. “मला त्या दिवसातलं काही दाखवायचं नाही. ताई, कृपा करून सोड.”

कृपा करून! तुझ्या तोंडी हे शब्द मी जन्मात ऐकले नव्हते. तू लहानपणी ताप आला तरी पाणी हुकूम सोडून मागायचास.

मी सोडणार नाही. मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात फिल्म पक्की होणार, त्यानंतर त्यात एक टाकासुद्धा घालता येत नाही. फिल्मच्या बाईंनी मला समोर बसवून शांतपणे सांगितलं की सही आली नाही तर त्यांना बाबांना काढावं लागेल. लोक पळताना दिसतील, आणि नंतर एकदम बंद शटर दिसेल. मधला माणूस नाही. “पायात वायर आहे” नाही. मी विचारलं, नुसता हात ठेवता येईल का? शटरच्या कडेवरचा? त्या म्हणाल्या, नियम हातालाही लागू आहे. त्यांना वाईट वाटत होतं, ते दिसत होतं, पण त्यांचा नाइलाज आहे. नाइलाज तुझा काय आहे?

बंदुका घेऊन आलेल्या त्या दोघांची नावं सगळ्या जगाला पाठ आहेत. त्यांचे फोटो छापून आले, त्यांच्यावर पुस्तकं आली. आणि ज्याने अर्धी गल्ली आपल्या दुकानात ओढून घेतली त्याला त्याच्या पोटचा पोरगा फिल्ममधून पुसून टाकणार. तुला त्यांची लाज वाटते का? की ते गेले तेव्हा तुमचं बोलणं बंद होतं म्हणून अजूनही बंदच ठेवायचं? माणूस गेला तरी अबोला धरायचा, याला म्हणायचं तरी काय!

आईला मी खोटं सांगितलं की सही वाटेत आहे. तिने शेजारणीला सांगितलं. शेजारीण म्हणजे बाजारच. आता येता-जाता मला लोक विचारतात, पोराची सही आली का, आणि मी म्हणते, परदेशातलं टपाल, वेळ लागतो. परदेशातल्या टपालाला मी तुझ्यापायी बदनाम करते आहे.

हे शेवटचं पत्र. आता तुझं तू बघ.

ताई


२४ एप्रिल

फ्यूज,

मागचं पत्र शेवटचं होतं, ते मी मागे घेते. हे पत्र बसून वाच. कामावर असशील तर घरी जाऊन वाच.

आपल्या दुकानामागच्या गल्लीत, समोरच्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर पियानो शिकवणाऱ्या बाई राहतात. तू त्यांना चिडवायचास, त्यांच्या शिकवणीतलं एकच गाणं शिट्टीवर वाजवून. त्यांनी त्या दिवशी आपल्या खिडकीतून गल्लीचं शूटिंग केलं होतं. नंतर त्यांना स्वतःचीच लाज वाटली की खाली माणसं मरत होती आणि आपण काय करत बसलो. म्हणून त्यांनी ते कोणाला दाखवलं नाही, पोलिसांनाही नाही. फिल्मबद्दल ऐकलं तेव्हा त्या आपल्या दुकानात आल्या आणि मला विचारलं, “तुला कधी लाज वाटली नाही?” मी म्हटलं, “नाही.” दुसऱ्या दिवशी त्या स्वतः एडिटिंगच्या खोलीत आल्या आणि कॅमेरा टेबलावर ठेवून गेल्या.

वरून घेतलेलं आहे. गल्लीत धूर. आपलं मागचं शटर बंद, आणि आतून ठोकणं चालू, शटर पत्र्यासारखं थरथरतं आहे. मग गल्लीच्या तोंडाकडून एक माणूस धावत येतो. धुरामुळे चेहरा दिसत नाही. कानवाल्याच्या, फिल्मच्या बाईंच्या लेखी तो कोणीही असू शकतो. तो शटरपाशी थांबत नाही, हात लावून बघत नाही, ठोकणाऱ्यांना काही विचारत नाही. सरळ डाव्या कोपऱ्यावर गुडघा घालतो आणि त्याच दमात वर ओढतो. शटर उघडतं.

मी खुर्चीतून उठले. कानवाल्याला वाटलं मला चक्कर आली. मी म्हटलं, पाणी द्या आणि परत लावा.

जगात ते तिघांनाच जमायचं. एक बाबा, ते पुढच्या दारात होते. एक मी, मी त्यांच्यासमोर फोन धरून होते. कारखान्यात होतो, असं तू सगळ्यांना सांगितलंस. आईला सांगितलंस, पोलिसांना सांगितलंस. सहा वर्षं मी त्यावर विश्वास ठेवला.

पुढचं तुला ठाऊक आहे, तरी मी सांगणार, कारण तुला जे ठाऊक आहे ते चुकीचं आहे. माणसांचा लोंढा बाहेर येतो. तू त्यांच्या उलट दिशेने आत शिरायला बघतोस, लोंढा तुला समोरच्या भिंतीपर्यंत ढकलतो. तू पुन्हा शिरतोस. पुन्हा ढकलतात. तू लोकांच्या खांद्यांवरून हात आत लांब करतोस, जणू हाताने बाबांना ओढून काढणार आहेस. मग तुझ्या पायापाशी एक बाई पडते, तिच्या पायातून रक्त वाहतंय. तू आत बघतोस. तिच्याकडे बघतोस. पुन्हा आत बघतोस. आणि तिला पाठीवर घेऊन गल्लीबाहेर जातोस.

म्हणजे तू एवढी वर्षं स्वतःला सांगत आलास की मी बापाला सोडून पळालो. आणि जिन्यात माझ्यावर ओरडलास, कारण तुला भीती होती की माझ्या फोनात तूही असशील. नव्हतास. माझ्या आणि तुझ्यामध्ये सगळं दुकान होतं, लटकलेल्या शेड्स, धूर आणि माणसं. मी सगळ्यांच्या शेवटी मागून बाहेर पडले तेव्हा गल्ली रिकामी होती. अरे वेड्या, तू एका बाईचा जीव वाचवलास आणि दारात अडकलेल्या सगळ्यांना वाट करून दिलीस, आणि ते एखाद्या चोरीसारखं लपवून ठेवलंस!

पण हे सांगायला मी पत्र लिहिलेलं नाही. आता मुख्य ऐक.

कानवाल्याला यातलं काहीच माहीत नाही. त्याने आपल्या रीतीप्रमाणे आवाज जुळवले. खिडकीतल्या तुकड्यात तुझ्या गुडघ्याचा तो ठोका आहे. माझ्या तुकड्यातही आहे, बाकीच्या धडधडाटात इतका मिसळलेला की मी तो शेकडो वेळा ऐकूनही कधी ऐकला नव्हता. त्याने ते दोन्ही शेजारी शेजारी लावले, पडद्याच्या एका अर्ध्यात गल्ली, दुसऱ्या अर्ध्यात बाबा. आणि चालू केलं.

लोक ठोकत आहेत, ठोकत आहेत, बाबा एकदाही वळत नाहीत. मग तुझा गुडघा बसतो. आणि बाबा मान वळवतात. त्याच ठोक्याला, फ्यूज. एक क्षणही उशीर नाही. बाबांचा स्वतःचा ठोका हलका होता, माझा त्याहून हलका. तू मात्र रोज सकाळी त्या शटरवर बाबांचा राग काढायचास, सगळी गल्ली जागी व्हायची. तो आवाज दुसऱ्या कोणाचा असूच शकत नाही, आणि ते बाबांना माझ्याआधी सहा वर्षं कळलं.

तेव्हा ते हसले. तुझ्यासाठी हसले. तू आला होतास, आणि बाबांना कळलं होतं की तू आलास.

आता तू तुझ्या स्वभावाप्रमाणे यातूनही उलटा अर्थ काढशील, की मी मागचं उघडलं म्हणून ते पुढचं ओढायला बाहेर गेले. तर तसं नाही. बंदुकवाले ते दोघे आपल्या दुकानासमोरच्या गल्लीत वळले होते, दुकान माणसांनी भरलं होतं, पुढचं शटर बंद करणं भागच होतं, आणि त्याची कडी बाहेरून लागते हे तुला माहीत आहे. ते बाहेर जाणारच होते. तू आला नसतास तर ते आतल्या माणसांना धुरात कोंडून गेले असते, आणि ते त्यांना माहीत असतं. तू आलास म्हणून ते निर्धास्त गेले.

मला तुझा अभिमान वाटतो. हे लिहायला मला किती जड जातं ते तुला सांगायला नको. बाबांचा होताच. आता बाजारात सांगताना मागच्या दाराचं श्रेय बाबांना देता येणार नाही एवढंच. त्यांना तेही आवडलं असतं, फक्त शटर बदलायला हवं होतं हे त्यांनी शेवटपर्यंत कबूल केलं नसतं.

मी कोणालाही काही बोललेले नाही. पडद्यावर एक काळी आकृती आहे आणि ती कोण आहे हे फक्त मला ठाऊक आहे. आईलासुद्धा सांगितलेलं नाही. तू म्हणशील तर कधीच सांगणार नाही. सही कर किंवा नको करू. पण हे तुला कळायला हवं होतं, आणि ते तुला माझ्या शूटिंगमुळे कळलं, एवढं मात्र लक्षात ठेव.

ताई


२० मे

फ्यूज,

तुझी सही वेळेत आली होती. फॉर्मच्या मागे तू लिहिलं होतंस, “माझं नाव कोणाला सांगू नकोस.” मी सांगितलं नाही. काल काय झालं ते ऐक आणि मग मला बोल लाव, पण मी शब्द मोडलेला नाही.

फिल्म काल संध्याकाळी दाखवली. घरी बघायचं असं माझं ठरलं होतं, पण टीव्हीच्या दुकानवाल्याने सगळ्या बाजाराला बोलावलं. भिंतभर टीव्ही, एकजात सगळ्यांवर एकच फिल्म. आपलं दुकान मी लवकर बंद केलं. आईला सगळ्यांत पुढे स्टुलावर बसवलं, फिल्मच्या बाई आणि कानवाला तिच्या शेजारी उभे, मागे सगळे दुकानदार, त्यांची पोरंबाळं, पियानोच्या बाईसुद्धा. निळ्या छत्रीला लोक थोडे हसले. मग कोणीच हसलं नाही.

बाबा आले तेव्हा मी इकडे तिकडे बघितलं. मला बघायचं होतं की लोक बघतात का. सगळे बघत होते. टोपीवाल्याने डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली होती. “पायात वायर आहे” म्हणाले तेव्हा मागे कोणीतरी मोठ्याने रडलं. मी रडले नाही. मी ताठ उभी होते, इतकी ताठ की आज मान दुखते आहे.

मग पडदा अर्धा झाला. एकीकडे बाबा, दुसरीकडे गल्ली. तू धावत आलास, गुडघा घातलास, बाबा वळले. तू दोनदा आत शिरायला बघितलंस, आणि त्या बाईला उचललंस. सगळ्या भिंतीवर तू होतास, लहान टीव्हीवर, मोठ्या टीव्हीवर, कोपऱ्यातल्या त्या जुन्या हिरवट रंगाच्या टीव्हीवरसुद्धा.

टोपीवाल्याने विचारलं, “हा कोण पण?”

मी जीभ दाताखाली धरली, अक्षरशः.

आई मान न वळवता म्हणाली, “माझा धाकटा.”

टोपीवाला हळूच म्हणाला, “आजी, चेहरा तर दिसतच नाही.”

“पाठ दिसते ना?” आई म्हणाली. “त्या पाठीला मी साबण लावलाय.”

आता मी काय करणार, सांग. मी तुला शब्द दिला होता, आईने दिला नव्हता. लोक माझ्याकडे बघायला लागले, मी छताकडे बघितलं. मग टोपीवाल्याने टाळी वाजवली, एकट्यानेच, आणि तो थांबेना. मग सगळा बाजार वाजवायला लागला. फिल्म चालू होती आणि तिचा आवाज कोणाला येत नव्हता.

संपल्यावर आई उठेना. फिल्मच्या बाईंना म्हणाली, “ते परत दाखवा.” त्यांच्याकडे कॉपी होती, दुकानवाल्याने ती लावून दिली. आईने पुन्हा बघितलं. तिसऱ्यांदा बाबा मान वळवतात तिथे तिने हात वर केला, म्हणजे थांबवा. कानवाल्याने थांबवलं. एका अर्ध्यात शटर वर ओढणारा तू, दुसऱ्या अर्ध्यात तुझ्या दिशेने वळून हसणारे बाबा. ती स्टुलावरून उठून अगदी जवळ गेली आणि पदराने पडद्यावरची धूळ पुसली.

“बघ,” मला म्हणाली, “बोलायला लागले दोघं.”

ताई